चुना, काच आणि चांद्याचे ऊन

नवतपा, म्हणजे मे-अखेरचे ते सर्वांत कडक नऊ दिवस, लागायला चार-पाच दिवस असताना, चंद्रपुरातील, म्हणजे जुन्या चांद्यातील, एका वस्तीत, शिडीच्या शेवटच्या पायरीवर उभे राहून मी टिनाच्या छपरावर मेणबत्तीचे तीन तुकडे ठेवले: एक उघड्या, करड्या पडलेल्या टिनावर, दुसरा आदल्या दिवशी सकाळी चुन्याचे दोन हात दिलेल्या हातभर चौकोनावर, आणि तिसरा, घरमालकाने पूर्वी कधी तरी गळती बुजवण्यासाठी डांबर फासले होते त्या डागावर. डांबरावरच्या तुकड्याने मी शिडी उतरण्यापूर्वीच अंग टाकले. टिनावरचा त्यानंतर थोड्याच वेळात पसरून पाण्यासारखा पन्हळीत उतरला. चुन्यावरचा मात्र, कडा किंचित मऊ पडल्या होत्या एवढे सोडले तर, तासाभराने मी चहा घेऊन पुन्हा वर चढलो तेव्हाही तुकडाच होता. साधे मेण पंचावन्न ते साठ अंशांच्या दरम्यान वितळते, तेव्हा त्या छपरावर, एका हाताच्या अंतरात, मेणाला जगू देणारा आणि न देणारा असे दोन मुलूख नांदत होते असे म्हणायला हरकत नाही.

प्रयोग अर्थातच बाळबोध आहे. अठराव्या शतकात बेंजामिन फ्रँकलिनने निरनिराळ्या रंगांचे कापडाचे तुकडे उन्हात बर्फावर पसरून काळा तुकडा सर्वांत खोल रुततो हे पाहिले होते. आमच्या मुलखात बर्फ नाही, म्हणून मेण.

चांद्याच्या उन्हाची ख्याती आता चांद्यापुरती राहिलेली नाही. मे २०१९च्या अखेरीस येथला पारा ४८ अंशांच्या घरात गेला होता, आणि देशातील सर्वाधिक तापमानाच्या रोजच्या यादीत चंद्रपूर आणि ब्रह्मपुरी ही नावे वरच्या बाजूला दिसणे हा आता उन्हाळ्याचा शिरस्ताच होऊन बसला आहे. समुद्रापासूनचे अंतर, पश्चिमेकडून येणारे कोरडे वारे ही कारणे भूगोलाच्या पुस्तकात असतातच. परंतु छपराच्या दृष्टीने महत्त्वाचे कारण पंचांगातले आहे. चंद्रपूर सुमारे वीस अंश उत्तर अक्षांशावर वसलेले असल्यामुळे २० मेच्या आगेमागे सूर्य मध्यान्ही नेमका डोक्यावर येतो आणि उभ्या काठीची सावली काठीच्या बुडाशीच गडप होते. म्हणजे ज्या पंधरवड्यात ऊन सर्वांत कडक, त्याच पंधरवड्यात भिंती भर दुपारी जवळजवळ मोकळ्या सुटतात, दक्षिणेच्या खिडकीला तर सूर्य दिसतही नाही, आणि सारा सरंजाम एकट्या छपरावर येऊन कोसळतो. स्वच्छ आकाशात मध्यान्हीचे ऊन चौरस मीटरला सुमारे एक हजार वॉट इतके असते. सरकारी घरकुलाचे किमान क्षेत्र पंचवीस चौरस मीटर; तेव्हा त्या एवढ्याशा घराच्या माथ्यावर पंचवीस किलोवॉट, म्हणजे दोन-दोन हजार वॉटच्या बारा-तेरा विजेच्या शेगड्या एकदम पेटलेल्या आहेत असे समजावे. करडे टिन त्यांतील निम्म्याहून बरेच अधिक पिऊन टाकते. ताजा पांढरा थर चार पंचमांशाच्या आसपास आल्यापावली परत पाठवतो. जमाखर्च असा सरळ आहे.

या शहराच्या उशाशी, ताडोब्याच्या वाटेवर, २,९२० मेगावॉट क्षमतेचे औष्णिक वीजकेंद्र उभे आहे, आणि दुर्गापूर, पद्मापूर, भटाळीपासून घुग्घुस-बल्लारपूरपर्यंत कोळशाच्या खाणी आहेत. भूगर्भातून काढलेला कोळसा जाळून वीज करायची, आणि त्या विजेतील काही हिस्सा टिनाखालच्या कूलरला देऊन, जी उष्णता मुळात छपराने आत घेतलीच नसती तर चालले असते, ती बाहेर घालवायची, हा व्यवहार आमच्या इतका अंगवळणी पडला आहे की त्यातील विनोद कोणाच्या लक्षात येत नाही.

ज्या रंगाऱ्याने मला तो चौकोन पांढरा करून दिला, तो वयाने सत्तरीच्या पलीकडचा, आणि त्याच्या हातांची कातडी आयुष्यभराच्या चुन्याने सुकून फुटलेली. चुना भिजवण्याची त्याची पद्धत पाहण्यासारखी होती. कळीचा चुना त्याने रात्री लोखंडी डब्यात पाण्यात सोडला, तेव्हा तो खदखदून उकळला. सकाळी शांत झालेली ती साय त्याने फडक्यातून गाळली, त्यात भिजवलेला डिंक घातला, आणि नीळ घालू लागला तेव्हा मी त्याला थांबवले. नीळ डोळ्याला पांढरेपणाचा भास देते खरी, पण काही प्रकाश स्वतःच गिळते. छपराला भासाचा उपयोग नाही. त्याला हे पटले नाही. "निळीशिवाय चुना म्हणजे मिठाशिवाय भाजी होते, भाऊ," असे म्हणून त्याने डबी खिशात ठेवली, आणि मग टिनावर हात फिरवून खरा आक्षेप सांगितला: "स्लॅबवर धरते चुना, टिनावर नाही धरत. पहिल्या पाण्यात वाहून जाते."

त्याचे म्हणणे शास्त्रालाही मान्य आहे. चुनखडी सुमारे नऊशे अंशांवर भाजली की तिच्यातील कर्बवायू निघून जातो आणि कळी उरते. कळी पाण्यात विझवली की भिजवलेला चुना होतो. आणि तो भिंतीवर लावला की हवेतील कर्बवायू पुन्हा शोषून घेत दिवसेंदिवस पुन्हा चुनखडी बनतो. जणू दगड भट्टीतून फिरून भिंतीवर परत येतो. काँक्रीटच्या किंवा विटांच्या खडबडीत, सच्छिद्र पृष्ठभागाशी त्याचे सख्य जमते. जस्त चढवलेल्या गुळगुळीत टिनावर त्याला धरायला काही सापडत नाही, शिवाय ओला चुना जस्ताला थोडा खातोही. म्हणून टिनावर चुन्याऐवजी ॲक्रिलिकचा पांढरा रंग लावावा, आणि स्लॅबवर खुशाल चुना मारावा. दुकानदार दोन्हींसाठी एकच महाग डबा दाखवतो, ती गोष्ट वेगळी.

येथे थोडा प्रकाशाचा विचार करावा लागतो, कारण या विषयातील अर्धी फसवणूक डोळ्यांच्या मर्यादेवर चालते. १८०० मध्ये विल्यम हर्शेल याने लोलकातून पडलेल्या रंगांच्या पट्ट्यात उष्णतामापी फिरवताना तो तांबड्याच्या पलीकडे, जेथे डोळ्याला काहीच दिसत नव्हते, तेथे ठेवला, आणि पारा तेथेच सर्वांत वर चढला. सूर्याच्या शक्तीचा जवळजवळ निम्मा भाग त्या अदृश्य अवरक्त प्रदेशातून येतो. दिसणारा उजेड उरलेल्यातला मोठा वाटेकरी, आणि अतिनील किरण थोडेसे. तेव्हा एखादा पदार्थ डोळ्याला काय दिसतो यावरून तो उन्हात किती तापेल हे पुरते कळत नाही. झाडाचे पान याचा उत्तम दाखला आहे: ते दिसायला गर्द हिरवे, परंतु जवळच्या अवरक्ताचा जवळपास निम्मा भाग ते परतवते, नाही तर चांद्याच्या उन्हात पान शिजले असते. हल्ली हिरव्या-तांबड्या रंगांतही छप्पर थंड ठेवणारे जे रंग निघाले आहेत, त्यांची युक्ती पानाचीच आहे.

दुसरी गोष्ट उत्सर्जनाची. तापलेला पदार्थ स्वतःची उष्णता किरणांच्या रूपाने आकाशाकडे टाकत असतो. कोणी उदार हाताने टाकतो, कोणी कंजूषपणे. कोरे चकचकीत टिन ऊन बऱ्यापैकी परतवते, पण जे पोटात घेते ते बाहेर सोडायला फारच नाखूश असते, आणि म्हणून ते आरशासारखे दिसूनही हात ठेववणार नाही इतके तापते. चुना, उलट, परतवण्यातही उदार आणि सोडण्यातही. कोरड्या, निरभ्र रात्री ही आकाशाकडे जाणारी वाट किती मोकळी असते हे आपल्या पूर्वजांना ठाऊक होते: अलाहाबादेकडे हिवाळ्यात उथळ मातीच्या ताटल्यांत पाणी ठेवून, हवा गोठणबिंदूच्या वर असतानाही, पहाटे बर्फ गोळा करीत, आणि सर रॉबर्ट बार्करने १७७५ मध्ये लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे त्याचे वर्णन ठेवले होते.

ही वाट भर दुपारी चालू ठेवणे हे मात्र अलीकडचे कर्तृत्व आहे. अमेरिकेतील पर्ड्यू विद्यापीठात झ्युलिन रुआन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०२० मध्ये असा पांढरा रंग सिद्ध केला, की जो साडेपंच्याण्णव टक्के ऊन परतवतो आणि मध्यान्हीच्या उन्हातही भोवतालच्या हवेपेक्षा सुमारे पावणेदोन अंशांनी थंड राहतो. रात्री तर दहा अंशांहून अधिक. पुढच्याच वर्षी त्यांनी बेरियम सल्फेट वापरून हे परावर्तन ९८.१ टक्क्यांवर नेले, आणि जगातील सर्वांत पांढरा रंग म्हणून त्याचा गाजावाजा झाला. मला मात्र पहिल्याचेच कौतुक अधिक वाटते, कारण त्यातील मुख्य द्रव्य कॅल्शियम कार्बोनेट आहे, म्हणजे चुनखडी. बाजारातील पांढऱ्या रंगात जे टायटॅनियम डायऑक्साइड असते ते अतिनील किरण स्वतः पिऊन घेते. चुनखडी पीत नाही. तिचा एक-एक कण प्रकाश वळवण्यात टायटॅनियमइतका बलवान नाही, म्हणून त्यांनी कण दाटीवाटीने भरले, लहान-मोठे मुद्दाम मिसळले, जेणेकरून लहान कण छोट्या लांबीच्या लहरींना आणि मोठे कण लांब लहरींना अडवतील, आणि थर जाड दिला. आमच्या रंगाऱ्याचा चुना एवढा कसबी नाही हे उघड आहे. पण गोत्र एकच. आणि त्या गोत्राचा दगड जेथे थरावर थर पडलेला आहे, त्या कोरपना-राजुऱ्याच्या भागात, गडचांदूर, आवारपूर, उपरवाहीला, त्याचे सिमेंट होते. ते सिमेंट स्लॅब होऊन करडेच्या करडे छपरावर बसते आणि ऊन पिते.

गडचिरोलीची गोष्ट निराळी आहे. २६ ऑगस्ट १९८२ रोजी चांद्यापासून वेगळा निघालेला हा जिल्हा तीन चतुर्थांशाहून अधिक वनाखाली. आणि त्या वनातील घर, कुडाच्या किंवा मातीच्या जाड भिंतींचे, शेणामातीने सारवलेले, वर कवेलू घातलेले, हे उन्हाच्या बंदोबस्ताचे एक पूर्ण शास्त्र होते. कवेलूंच्या फटींतून तापलेली हवा निसटते, माती दिवसभराची उष्णता सावकाश घेते आणि ती आत पोचेपर्यंत संध्याकाळ होते. मग लोकांनी टिन का पत्करले, असा प्रश्न शहरातून आलेला पाहुणा विचारतो, आणि उत्तर छपरावर बसलेले असते: वानरांची एक टोळी सकाळी येऊन गेली की अर्धे कवेलू फुटलेले. दर वर्षी मृगाआधी कवेलू फेरायचे, फुटलेले बदलायचे, ते थापणारे कुंभार कमी झालेले. त्यापुढे टिन एकदा ठोकले की निश्चिंती. या निश्चिंतीची किंमत दुपारी घरात थांबणारी बाई, लेकरू आणि म्हातारे माणूस देतात. बाकीचे मोहाखाली बसतात. झाडाखाली बसण्यातही निवड आहे, हे येथे लहान मूलही जाणते. साग वैशाखात निष्पर्ण खराट्यासारखा उभा असतो. मोह मात्र नेमक्या त्याच दिवसांत तांबूस कोवळ्या पालवीने भरतो. ज्या घरावर मोहाची सावली आहे त्याला कोणताही रंग विकू नये असे माझे मत आहे.

आता काचेकडे वळतो, कारण पैसा तेथे आहे. मोठ्या शहरांचे पाहून आमच्याकडेही दुकाने, दवाखाने, बँकांच्या शाखा यांनी दर्शनी भागाला काचेचा पडदा लावला, आणि आत वातानुकूलन यंत्र दिवसभर धापा टाकू लागले. साधी स्वच्छ काच तिच्यावर पडलेल्या सूर्यशक्तीपैकी सुमारे चार पंचमांश आत सोडते. गडद काच लावली की उजेड कमी होतो, म्हणून ऊन अडले असे वाटते. प्रत्यक्षात ती काच स्वतः तापून त्यातील बराच भाग आतल्या बाजूला ओतत राहते. खरी करामत निराळी: निर्वात पेटीत काचेवर चांदीचा काही नॅनोमीटर जाडीचा थर बसवतात, इतका तलम की डोळ्याला काच स्वच्छच दिसते, परंतु अवरक्त किरण त्यावर आपटून मागे फिरतात. असे दोन थर असलेली चांगली काच निम्म्याच्या आसपास उजेड आत घेते आणि उष्णता मात्र पंचवीस-तीस टक्क्यांवर रोखते. हर्शेलच्या उष्णतामापीला जे कळले ते काचेला शिकवण्यास पावणेदोनशे वर्षे लागली.

मोटारींच्या काचेवर उजेड आणि उष्णता यांतील हा भेद न कळणे लोकांना चांगलेच भोवले. २७ एप्रिल २०१२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने काळ्या पट्ट्यांविरुद्ध निकाल दिला. १९८९च्या केंद्रीय मोटार वाहन नियमांनुसार पुढच्या-मागच्या काचेतून सत्तर टक्के आणि बाजूच्या काचांतून पन्नास टक्के उजेड पार झालाच पाहिजे, आणि तो काचेच्या मूळ घडणीतूनच, वरून चिकटवलेल्या पट्टीने नव्हे, असा त्याचा आशय होता. हुकूम मे महिन्याच्या तोंडावर अंमलात आला, आणि चौकाचौकांत शिपाई नखांनी पट्ट्या सोलू लागले. निकाल गुन्हेगारीच्या दृष्टीने होता आणि त्या दृष्टीने योग्यच होता. परंतु अंधार म्हणजे गारवा ही आपली समजूत त्या निमित्ताने तरी सुटायला हवी होती, ती सुटली नाही. इमारतीच्या काचेवर आतून पट्टी लावणाऱ्यांना आणखी एक गोष्ट कोणी सांगत नाही, की उष्णता शोषणाऱ्या पट्टीने काच मध्ये तापते, चौकटीत दडलेली कड थंड राहते, आणि एखाद्या दुपारी काच आपोआप तडकते. पश्चिमेच्या खिडकीला बाहेरून टांगलेली वाळ्याची ताटी यातले काही करीत नाही. ऊन काचेला शिवण्याआधी अडवणे हे काचेवर केलेल्या कोणत्याही लेपापेक्षा श्रेष्ठ, आणि ओसरी-छपरी बांधणाऱ्यांना ते उमगलेले होते.

'सोलर पेंट' या नावाखाली एक तिसरेच स्वप्नही विकले जाते: भिंतीला रंग द्यावा आणि भिंतीने वीज द्यावी. त्याला आधार आहे. मुंबई विद्यापीठातून डॉक्टरेट घेऊन अमेरिकेतील नोत्र दाम विद्यापीठात गेलेले प्रशांत कामत यांच्या गटाने २०११ मध्ये टायटॅनियम डायऑक्साइडच्या अतिसूक्ष्म कणांवर कॅडमियमच्या संयुगांचे लेप देऊन, ते पाण्या-मद्यार्काच्या मिश्रणात कालवून, ब्रशाने लावता येईल असा लगदा केला, आणि त्यातून वीज मिळवली; उन्हातील शक्तीच्या सुमारे एक टक्का. त्या वेळच्या बाजारातील सिलिकॉनची पॅनेले दहा ते पंधरा टक्के देत होती. संशोधन म्हणून ही मोठी झेप आहे. कॅडमियम विषारी आहे हेही तितकेच खरे. आणि चंद्रपुरात असा डबा आज कोणी तुम्हाला विकू पाहील तर पैसे खिशात ठेवावेत.

राहता राहिली धूळ, आणि चांद्यात ती शेवटी आठवावी अशी गोष्ट नव्हे. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने २००९ मध्ये देशातील औद्योगिक परिसरांचा जो प्रदूषण निर्देशांक काढला, त्यात चंद्रपूरचे गुण ८३.८८ होते आणि क्रमांक चौथा. पांढऱ्या छपराचे परावर्तन स्वच्छ हवेतही वर्ष-दोन वर्षांत ऐंशीवरून साठ टक्क्यांच्या आसपास उतरते; जेथे सकाळी गच्चीवर वाळत घातलेले धोतर दुपारी करडे होते, तेथे त्याहून लवकर. धुतले तर बहुतेक परत येते. पण मेमध्ये छप्पर धुण्याइतके पाणी कोणाकडे आहे? जाहिरातीत "दहा अंशांनी थंड" असे जे लिहिलेले असते त्यात ही धूळ धरलेली नसते, आणि ते दहा अंश बहुधा छपराच्या पृष्ठभागाचे असतात. खोलीतील हवेत फरक साधारण दोन ते पाच अंशांचा पडतो. अर्थात रात्री झोप लागणे आणि न लागणे यांतील अंतर पुष्कळदा तेवढेच असते.

सिरोंच्याहून प्राणहितेच्या पलीकडे पाहिले की तेलंगणा दिसतो. त्या राज्याने २०२३ मध्ये शीतल छपरांचे स्वतंत्र धोरण जाहीर केले, २०२८पर्यंत तीनशे चौरस किलोमीटर छप्पर थंड करण्याचे उद्दिष्ट ठेवले, आणि मोठ्या नव्या इमारतींना ते बंधनकारक केले. त्याआधी अहमदाबादने, २०१०च्या मे महिन्यातील उष्णतेच्या लाटेत तेराशेहून अधिक जादा मृत्यू मोजल्यानंतर, २०१३ मध्ये देशातील पहिला उष्णता कृती आराखडा केला आणि पुढे झोपडपट्ट्यांची छपरे पांढरी करायला घेतली. आमच्या दोन जिल्ह्यांत हे काम करायचे तर क्रम लावणे कठीण नाही: आधी टिनाखाली भरणाऱ्या अंगणवाड्या, शाळा आणि आश्रमशाळांची वसतिगृहे, मग टिनाची घरकुले, मग स्लॅब, काचेचे मालक आपले पाहून घेतील.

एक तारीख मात्र सांभाळावी लागेल. रंगारी शिडी उचलून निघाला तेव्हा मी त्याला सहज विचारले, की हे काम आताच, नवतपाच्या आधी, घराघरांवर केले तर? त्याने मान हलवली. चुना धरायला ओल लागते. दोन-तीन दिवस सकाळ-संध्याकाळ पाण्याचा हबका मारावा लागतो, तेव्हा कुठे तो हवेशी जुळून घट्ट होतो. या उन्हात तो धरण्याआधीच सुकतो आणि पिठासारखा बोटाला लागतो. माझा चौकोनही, बोट फिरवून पाहिले तेव्हा, तसाच बोटाला लागला. तेव्हा ज्यांच्या डोक्यावर स्लॅब किंवा टिन आहे त्यांनी छपराचे काम होळीच्या आत उरकावे, आणि ज्यांच्या सहीने शाळांच्या छपरांची रक्कम सुटते त्यांनी ती सही माघात करावी. वैशाखात मारलेला चुना धरत नाही.